धुक्यात गेलेले तीन गोल

अल बर्शा, दुबई
रविवार

आदरणीय गनीभाई यांस,

मुझम्मिलचा सलाम. तुमच्या गुडघ्यांना उतार पडला असेल, भाभींचं ब्लडप्रेशर ताळ्यावर असेल आणि तुमची बहीण, म्हणजे आमच्या मुनिबाबेगम, तुमच्या आजारी अम्मींची सेवा करता करता तुम्हालाही शिस्त लावत असतील, अशी आशा आहे. (लावून घ्या. मला गेले चार महिने सुट्टी आहे.) पत्र अशासाठी की फोनवर तुम्ही स्पीकर लावता आणि सगळी आळी ऐकते. ऑफिसातला सुरेश रत्नागिरीला येतोय, त्याच्या हाती देतो.

मागच्या महिन्यात एका शुक्रवारी मी सुकट भाजत होतो. (सुकट भाजली की इथे अख्ख्या मजल्याला कळतं.) दारावर टकटक झाली. पाहतो तर समोरच्या फ्लॅटमधला इंग्रज म्हातारा. तक्रार घेऊन आला, हे नक्की. मी तवा बाथरूममध्ये लपवला, मुनिबाचं अत्तर हवेत उडवलं आणि माफी मागायच्या तयारीने दार उघडलं. तर मिस्टर डॉब्सनी विचारलं, ‘तुम्हाला बारीक अक्षर वाचता येतं का?’

एक्क्याऐंशी वर्षांचा माणूस. मुलीकडे राहतात, ती सकाळी जाते ती रात्रीच येते, आणि यांचे डोळे चाललेत. त्यांच्याकडे एक पत्र्याची पेटी आहे, वडिलांच्या पत्रांची आणि कात्रणांची. वडील विल्फ्रेड डॉब्स दोन महायुद्धांच्या मधल्या काळात इंग्लंडच्या तिसऱ्या डिव्हिजनमध्ये फुटबॉल खेळायचे, सेंटर फॉरवर्ड, म्हणजे गोल मारणारा. (जिच्यातल्या टीम्सची नावं इंग्लंडमध्येही कुणाला ठाऊक नाहीत, ती तिसरी डिव्हिजन.) डोळे जायच्या आत हे सगळं नातवंडांसाठी टाइप व्हावं, एवढीच म्हाताऱ्याची इच्छा. मला वाटलं तासाभराचं काम. चार आठवडे झाले, मी रोज ऑफिसातून थेट तिकडेच जातो.

विल्फ्रेड मूळचा कोळशाच्या खाणीतला. एकविसाव्या वर्षी हॉर्नबेक टाउन नावाच्या क्लबने त्याला उचललं. पुढच्या दहा वर्षांत चार क्लब, अठ्ठावन्न गोल, आणि एकच घोटा दोनदा मोडलेला. पेपरात त्याचं नाव कधी डॅब्स, कधी हॉब्स, एकदा तर मिसेस डॉब्स. (ऑफिसात मला सगळे ‘मुझी’ म्हणतात, तेव्हा मी हसलो नाही.) एकतीस सालच्या जानेवारीत पहिल्या डिव्हिजनच्या टीमशी कपाची मॅच पडली आणि या माणसाने तीन गोल केले. पंधरा मिनिटं उरली असताना असं धुकं उतरलं की गोलकीपरला स्वतःचे हात दिसेनात. रेफरीने मॅच रद्द केली. खलास. नियमाप्रमाणे ते गोल झालेच नाहीत. बुधवारी पुन्हा खेळले ते सात-शून्यने हरले. गनीभाई, मी इतका संतापलो की दुसऱ्या दिवशी मीटिंगमध्ये उपेंद्रसाहेबांनी शिपमेंटचं स्टेटस विचारलं आणि मी म्हणालो, ‘सर, ते तिन्ही धरायला हवे होते.’

शेवटचा क्लब दूर समुद्रकाठी होता. बायको एल्सी माहेरीच राहिली. विल्फ्रेड दर सोमवारी तिला लिहायचा: खोली उबदार आहे, मित्र पुष्कळ आहेत, शनिवारी गोल केला. मी पत्रांच्या तारखा कात्रणांशी ताडून पाहिल्या. त्या वर्षी तो फक्त दोन मॅच खेळला होता. बाकीचे शनिवार तो गेटवर तिकिटं फाडत होता. म्हाताऱ्याला सांगावं की नाही? शेवटी सांगितलं.

‘मला ठाऊक आहे,’ डॉब्स म्हणाले. ‘आई एका शनिवारी न कळवता ट्रेनने गेली. तिचं तिकीट फाडायला समोर बाबाच.’

‘मग काय म्हणाल्या?’

‘विचारलं, बसायला बरी जागा कुठे आहे. मॅच सुटल्यावर त्यांची खोली पाहिली. एकच खुर्ची होती. सोमवारी तिने दुसरी आणली.’

एवढं बोलून ते चहा करायला उठले आणि मी बराच वेळ पुढची ओळ शोधत बसलो.

घरी येऊन कालची आमटी गरम केली आणि ओट्यापाशी उभ्याउभ्याच जेवलो. तेवढ्यात मुनिबाचा फोन. काय जेवलात? मी म्हटलं, मित्र अफनानकडे दावत होती, बिर्याणी, आठ माणसं, मला उठूच देत नव्हते. ती म्हणाली, बरं झालं, मग माझी काळजी मिटली. तिचा आवाज जरा उतरल्यासारखा वाटला, पण नेटवर्कही खराब होतं.

थोरांना सलाम, लहानांना दुवा. सुकट पळवणाऱ्या तुमच्या बोक्यावरचा माझा राग कायम आहे.

तुमचा,
मुझम्मिल

ता.क. सुरेशबरोबर कोकम धाडा.

ता.क. २. अम्मींजवळ राहायला तुमची धाकटी बहीण नबिला तयार आहे, असं कानावर आलं. खरं असेल तर मुनिबाला तुम्हीच सुचवा की आता दुबईला जा. माझं नाव घेऊ नका. चार महिने मी तिला सांगत आलोय की मला कशाचीच अडचण नाही. आता कोणत्या तोंडाने बोलावू?

ता.क. ३. सुरेश खाली गाडीत थांबलाय, पुन्हा लिहायला वेळ नाही. वरचं काही सुचवूबिचवू नका. हे पत्र तसंच तिच्या हातात द्या.