डांगर आणि आम्ही तिघं

९ नोव्हेंबर, रविवार
मनीषा दुकानात आली. दोन वर्षांनी. मी एका सफारीची काजं करत होतो. गिऱ्हाईक उभं राहतं तशी काउंटरच्या पलीकडे उभी राहिली.
"आबा, एक कपडा शिवायचा आहे."
"कोणाचा?"
"डायनासोरचा."
वर बघितलं नाही. "माप आणलं?"
"त्याचं माप कोणी घेतलेलं नाही."
हसू येत होतं. दाबलं.

लहान मुलांसाठी सिनेमा करते आहे म्हणे. पाऊण तासाचा, आपल्या खानदेशी बोलीत. बकऱ्या चारणाऱ्या मुलीला सातपुड्यात एक अंडं सापडतं, त्यातून डायनासोर निघतो, दोघांची दोस्ती. जळगावला व्हिडिओ कापायचं-जोडायचं काम करते ते माहीत होतं. हे नवीन.
डायनासोरचं चित्र ठेवून गेली. घरी आली नाही. मीही ये म्हटलं नाही.

१० नोव्हेंबर
लग्नाच्या पत्रिका छापून झाल्यावर पोरीने लग्न मोडलं. तेव्हापासून मी बोलणं टाकलं. तिची आई, कुसुम, दुपारी मी दुकानात असताना तिच्याशी फोनवर बोलते. मला माहीत आहे, हे कुसुमलाही माहीत आहे. त्यावर आम्ही दोघं बोलत नाही.
आज चित्र घरी नेलं. कुसुमने बराच वेळ बघितलं. "पोट डांगरनागत शे," म्हणाली. खरंच, मोठ्या लाल भोपळ्यासारखं पोट. त्याचं नाव डांगर पडलं. मनीषाला फोन करून तिनेच कळवलं, माझ्यासमोर. पहिल्यांदा माझ्यासमोर.

१५ नोव्हें.
मनीषाने पेनड्राइव्ह पाठवला. तसले चार सिनेमे, हिंदीत केलेले. संध्याकाळी जेवण लवकर उरकून मी आणि कुसुम बघतो. मी शिवण बघतो, कातडी कुठे जोडली, मान कशी वळते. ती गोष्ट बघते. सगळ्यांत एक सारखं आहे. घरातली माणसं आपापसात बिनसलेली असतात. मुलं आधी प्राण्याला घाबरतात, मग एक जण हात लावतो. मोठ्यांना शेवटपर्यंत कळत नाही की प्राणी काही करणार नाही.
कुसुम म्हणाली, जनावराचं पोट हललं पाहिजे. श्वास दिसला नाही तर कोणी जीव लावणार नाही.
ती लहानपणी शिरपूरकडे डोंगराच्या पायथ्याला गुरं राखायची. लग्नाला एकतीस वर्षं झाली, हे कधी विचारायचं सुचलं नाही.

२१ नोव्हें.
फोम कापला. पहिली मान वाया गेली, उंटासारखी झाली. वर रेक्झिन घेतलं होतं, ते चकाकतं. शेवटी जुनं सतरंजीचं कापड, हिरवं-मातकट रंगवून. आतून सुती अस्तर, नाहीतर माणूस उकडून मरेल. पाठीला चेन. पोटात सैल घडी ठेवली, आतून दोरी ओढली की फुगतं, सोडली की बसतं. घडी कुसुमने सुचवली.
चाळीस वर्षांत पहिल्यांदा असा कपडा शिवतो आहे जो घातल्यावर आतला माणूस दिसू नये.

४ डिसेंबर, गुरु.
ट्रायल. मनीषा हेमंत नावाच्या माणसाला घेऊन आली. व्यायामशाळा चालवतो, तिशीचा, उमदा. कपडा बसला. पण चालतो आखाड्यात उतरल्यासारखा. मनीषा म्हणाली, "भाऊ, तुम्ही पिल्लू आहात." त्याने मान डोलावली आणि पुन्हा तसाच चालला.
मनीषा शेजारी उभी होती. तिच्या केसांत एक पांढरा. सत्ताविसाव्या वर्षी. विचारावंसं वाटलं, झोप होते का. "शेपटीला अजून एक हुक लावतो," म्हटलं.

७ डिसें., रवि.
शूटिंग. शिरपूरपासून वर, पायथ्याच्या एका पाड्याजवळ, ओढ्याकाठी. उसवलं-फाटलं तर म्हणून मी गेलो. कुसुम भाकऱ्या बांधून बरोबर.
मुलीचं काम करणारी रमिला त्याच पाड्यावरची. नऊ वर्षांची. खऱ्या बकऱ्या तिच्याच. कॅमेऱ्याला अजिबात भीत नाही, पण हेमंत डोकं चढवून समोर आला तशी मागे सरकली. त्याला वाटलं गंमत करते, तो आणखी पुढे गेला. ती रडली. बकऱ्या उधळल्या.
दुपारी ऊन चढलं आणि हेमंतचा आत जीव घाबरा झाला. चेन अस्तरात अडकली. मी कात्रीने अस्तर फाडून त्याला बाहेर काढलं. पांढराफटक. "ताई, माझ्याच्याने नाही होणार. बंद जागा मला सोसत नाही, लाजेने सांगितलं नाही." त्याची काही चूक नाही.
सगळे बसून राहिले. मनीषा ओढ्यापाशी एकटी, पाठमोरी. कॅमेरा तीनच दिवसांसाठी आणलेला.
तेव्हा कुसुम म्हणाली, "माले घालू द्या."
मी म्हटलं, "काहीतरीच काय. लोक काय म्हणतील?"
"लोकसले दिसनार कोन शे?"
मी अस्तर शिवून दिलं, पाय आत दुमडून आखूड केले. टाके वाकडे पडले. रागाने की कशाने.

त्याच दिवशी, रात्री
राहिलेलं लिहितो.
आत गेल्यावर कुसुम लगेच चालली नाही. नुसती उभी राहिली. पोट हळूहळू वर-खाली. मग खाली बसली आणि मान जमिनीला टेकवली. रमिलाकडे बघितलंसुद्धा नाही. पाच मिनिटं गेली असतील. रमिला आपण होऊन आली आणि तिने नाकावर हात ठेवला. मनीषाने खुणेने कॅमेरा चालू करायला लावला.
मग कुसुम उठून चालली. डुगडुगत, एक पाय टाकून थांबत. पाड्यावरच्या बाया हसल्या, मग हसायच्या थांबल्या.
डोकं काढल्यावर केस घामाने चिकटलेले. विचारलं, हे कुठे शिकलीस?
"नवं वासरू तसंच चालस. पाय टाकस, मंग पस्तावस."
मनीषाने तिला मिठी मारली, शेपटीसकट. मी डबे उघडत होतो.

९ डिसें.
ठरलेले तीन दिवस संपले. मनीषाने हातापाया पडून कॅमेरा अजून एक आठवडा मागून घेतला. आम्ही इथेच, पाड्यावरच्या शाळेच्या खोलीत. दुकान बंद. आयुष्यात गणपती-दिवाळीशिवाय बंद ठेवलं नव्हतं.
सकाळी उठून बघतो तर कुसुम आणि रमिला बकऱ्यांमागे. दोघी पायथ्याच्या वाटेवर, कुसुम मोठमोठ्याने काहीतरी सांगते आहे, हातवारे करून. घरी तिचा आवाज एवढा मोठा नसतो. का नसतो?

१३ डिसें., शनि.
आजचं नीट लिहून ठेवायला पाहिजे.
शेवटचा प्रसंग होता. डांगर आता मोठा झाला, त्याला डोंगरापलीकडे आपल्या जातीत जायचं आहे, मुलगी त्याला सोडायला येते. रमिलाचं झालेलं. डांगरचं जवळून घ्यायचं राहिलेलं. पण रमिलाला ताप आला, ती घरी झोपलेली. समोरून तिचं वाक्य कोणीतरी म्हणायला हवं, म्हणजे डांगर मान बरोबर वेळी वळवेल. बाकी सगळ्यांचे हात अडकलेले. मनीषा म्हणाली, "आबा, तुम्ही म्हणा. आवाज नंतर काढून टाकते."
कागद हातात दिला. दोनच ओळी.
"तू जाऊ नको. तू गया ते मी कोनासंगे बोलसू?"
पहिल्यांदा बातम्या वाचल्यासारखं झालं. पुन्हा. तिसऱ्या वेळी डांगरने मान वाकडी करून माझ्याकडे बघितलं. ते डोळे मीच बसवलेले, काचेचे. पोट वर-खाली होत होतं. आणि मला एकदम ती दुपार आठवली. मनीषा दुकानात आली होती, लग्न मोडायचं ठरवल्यावर, मला सांगायला. सगळ्यांच्या आधी मला. "आबा, थोडं बोलायचं आहे," म्हणाली. मी मशीन थांबवली नाही. पँटची लांब शिलाई चालू होती, ती संपली, मग दुसरी घेतली. ती उभी होती. मग नव्हती.
वाक्य अर्ध्यात राहिलं. कोणी कट म्हणेना.
डांगर पुढे आला. आतून कुसुमचा आवाज, दबका, फोममधून आल्यासारखा. "माले नका सांगू. पोरीले सांगा."
मी वळलो. मनीषा कॅमेऱ्याच्या मागे. तिने ऐकलं असेल, नसेल. तिचा चेहरा कॅमेऱ्याने झाकलेला.
म्हणालो, "जेवून घे. तीन वाजले."
एवढंच निघालं तोंडातून.

१४ डिसें.
धुळ्याला परत. एसटीत कुसुम खिडकीपाशी. नरडाणा मागे पडलं. मग म्हणाली, "आत कोनी बघत नही ना, तठे रडता येस, हासता येस. माले बरं वाटे."
मी म्हटलं, "घरी कोणी अडवलं होतं का?"
ती पुन्हा खिडकीबाहेर बघायला लागली. प्रश्नच चुकीच्या सुरात विचारला.

४ जानेवारी, रवि.
मनीषाचा फोन, मला. सिनेमा जोडून होत आला. सुरुवातीच्या नावांत आईचं नाव घालायचं आहे, "डांगर – कुसुम" असं. आडनावासकट घालू का?
मी म्हटलं, घरचीच माणसं, नाव कशाला. शिवाय आपल्या नातेवाइकांत... पुढचं बोललो नाही.
कुसुम शेजारीच भाजी निवडत होती, तिला फोनवरचं सगळं ऐकू गेलं. हात न थांबवता म्हणाली, "आडनाव ठेवा नका ठेवा. कुसुम ठेवा. मोठ्या अक्षरात."

१८ जाने., रवि.
जळगावला गेलो. एकटा, न सांगता. मनीषाची खोली दुसऱ्या मजल्यावर, स्वच्छ. भिंतीवर डांगरची कागदी चित्रं. ती दार उघडून नुसती बघत राहिली. आई बरी आहे ना, विचारलं. बरी आहे म्हटलं.
बसल्याबसल्या सांगून टाकलं, नाहीतर राहिलं असतं. "तू सांगायला आली होतीस, तेव्हा मी मशीन थांबवली नाही."
"माहीत आहे, आबा. मी अर्धा तास उभी होते."
"मला ऐकायचं नव्हतं."
"तेही माहीत आहे."
मी विचारलं, का मोडलंस. दोन वर्षांत कोणी विचारलं नव्हतं म्हणे, सगळ्यांनी फक्त समजावलं. तो मुलगा फोनवर तिला प्रत्येक गोष्ट विचारायला लावायचा. कुठे जाऊ, काय घालू, कोणाशी बोलू. ती म्हणाली, "मला आईसारखं व्हायचं नव्हतं."
हे लागलं. लागायलाच हवं होतं.
तिने चहा ठेवला. साखर किती, विचारलं. लहानपणापासून माझा चहा तीच करायची, कधी विचारायला लागायचं नाही. दीड चमचा, म्हटलं. पाहुण्यासारखं.

२५ जाने., रवि.
पाड्यावर सिनेमा दाखवला, शाळेच्या भिंतीवर पांढरी चादर लावून, सांज पडतापडता. सगळं गाव आलं, बकऱ्यांसकट. डांगर पहिल्यांदा खाली बसतो तिथे सगळे गप्प. शेवटी तो डोंगराआड गेल्यावर एक म्हातारी उठून चादरीच्या मागे बघून आली.
रमिला कुसुमच्या मांडीवर. तिला माहीत आहे आत कोण होतं, तरी विचारत होती, डांगर परत येईल का.
माझा आवाज काढून टाकलेला. डांगर ऐकतो आहे एवढंच दिसतं. कोणाचं, ते कळत नाही.

३ फेब्रुवारी
मनीषा दुसरा सिनेमा करणार. पुन्हा तिकडेच, दोन महिने. या वेळी दोन प्राणी. चालायचं कसं ते कुसुमने बाकीच्यांना शिकवायचं, आणि स्वतः आत जायचंच. मनीषाने तिला विचारलं. मला नाही.
कुसुमने मला सांगितलं. विचारलं नाही. म्हणाली, "सोमवारे निंघस."
"बरं," म्हटलं.

१२ फेब्रु., गुरु.
घर मोठं वाटतं. वरण दोनदा करपलं. दुकानात गिऱ्हाइकं विचारतात, वहिनी कुठे? आज पहिल्यांदा सरळ सांगितलं, सिनेमात काम करतात. डायनासोरचं. एक जण हसला. मीही हसलो, पण तो हसला तसं नाही.

१५ फेब्रु., रवि.
सकाळी मनीषाचा फोन. मागे बकऱ्या ओरडत होत्या, कुसुमचं हसणं ऐकू आलं.
"आबा, येता का इकडे?"
"काय उसवलं?"
"काही नाही उसवलं."
"मग काय काम आहे?"
"काम नाही."
फोन चालू होता. मग मी म्हणालो, "बघतो."
का म्हणालो बघतो, कळत नाही. दुसरं काही म्हणायची सवय नाही.
शिरपूर गाडी उद्या सकाळी साडेसातला आहे.