तुम्हाला वेल्श येत नाही, असं मी म्हणाले

बाबा, त्या बुधवारी माझ्या डिपार्टमेंटमध्ये जे झालं त्याबद्दल आपण कधीच बोललो नाही. तुम्ही टाळलंत आणि मला ते सोयीचं होतं. आता तुम्हाला जाऊन इतकी वर्षं झाली की, बोलायचं तर मला एकटीलाच बोलावं लागणार.

आपण लंडनजवळचं पिनर सोडून वेल्समधल्या त्या समुद्राकाठच्या छोट्या गावात आलो तेव्हा मी नऊ वर्षांची होते. पिनरच्या शेजारच्या काकू तुम्हाला म्हणाल्या होत्या, "अहो, तिथे मेंढ्यांशिवाय आहे कोण?" तुम्हाला तिथल्या हॉस्पिटलमध्ये म्हाताऱ्या पेशंट्सच्या वॉर्डवर कन्सल्टंटची पोस्ट मिळाली होती. त्यातल्या कितीतरी जणांचं इंग्लिश स्ट्रोकनंतर गेलेलं असायचं, उरलेलं असायचं फक्त वेल्श. एकदा घरी आल्या आल्या, बूटही न काढता, तुम्ही आईला म्हणालात, "ती बाई पाच मिनिटं बोलत होती गं, कुठे कसं दुखतंय ते सांगत होती. नर्सने मला काय सांगावं? 'पेन, डॉक्टर.' एवढंच!" त्यानंतर एका औषध कंपनीने फुकट दिलेल्या डायरीत तुम्ही पेशंट्सचे शब्द लिहून घ्यायला लागलात. देवनागरीत. 'क्नॉय', पोटात कुरतडतंय. 'ग्विनेगॉन', सांधे धरलेत. वेल्शमध्ये एक 'ल' आहे, जिभेच्या कडेने नुसती हवा सोडायची. तो तुम्ही ल खाली टिंब देऊन लिहायचात. त्यांचा तो वेगळा 'र' सापडला तेव्हा तर तुम्ही जेवता जेवता उठलात. "अगं, हा जवळजवळ आपल्या ऱ्हासातला ऱ्ह! इंग्लिशवाल्यांना जन्मात जमायचा नाही." पाच-सहा वर्षांत तुम्ही पेशंट्सशी सरळ वेल्श बोलायला लागलात. व्याकरण इकडेतिकडे, पण म्हातारे खूश असायचे. मी शाळेत वेल्श शिकले. पण त्या भाषेची गोडी मला तुमच्यामुळे लागली. हे मी तेव्हा कुणाला सांगितलं नाही.

मग मी सेल्टिक स्टडीज, म्हणजे वेल्श-आयरिश भाषांचा अभ्यास, घेतलं, पुढे पीएचडीला गेले. दोन हजारनंतरची ती पहिली काही वर्षं. विषय ठरला आपल्या भागातल्या बोलीतले दुखण्याखुपण्याचे शब्द. विषय म्हणजे तुमची डायरीच होती, बाबा. देवनागरी मला वाचता यायची, पण तुमचं अक्षर डॉक्टरांचं. म्हणून मी घरी आले की रविवारी सकाळी आपण किचन टेबलाशी बसायचो. आई पोह्यांना फोडणी देतेय, तुम्ही चष्मा कपाळावर चढवून एकेक शब्द वाचताय आणि मी तो फोनेटिक लिपीत उतरवतेय. "हे म्हातारबुवा खाणीत होते. हा शब्द म्हणताना ते छातीवर नाही, पाठीवर हात ठेवायचे. हे पण लिही." मी ते पण लिहायची.

त्या बुधवारी माझा सेमिनार होता. आईचा वाढदिवस होता म्हणून तुम्ही मला गाडीने न्यायला येणार होतात, पाच वाजता गेटपाशी. तुम्ही साडेतीनलाच आलात. खोलीचं दार हळूच ढकलून, ओला रेनकोट घडी करून हातावर घेऊन शेवटच्या रांगेत बसलात. मी तुम्हाला पाहिलं. सेमिनार वेल्शमध्ये चालला होता. माझं बोलून झाल्यावर आयर्लंडहून आलेल्या एका प्रोफेसरांनी विचारलं, "हे शब्द गोळा कुणी केले? त्यांना भाषा येत होती का?"

मला एवढंच म्हणायचं होतं, माझ्या वडिलांनी. ते मागे बसलेत. पण त्या डिपार्टमेंटमध्ये माझ्यासारखी दिसणारी मी एकटी होते. "तू आणि वेल्श? कशी काय?" हा प्रश्न दर आठवड्याला कुणीतरी विचारायचं. मला वाटलं, आता हे म्हणणार, बापाची डायरी आणून पीएचडी करतेय. मी म्हणाले, "हॉस्पिटलमधला कुणी परदेशी माणूस होता. ट्रेनिंग काही नाही. वेल्श त्याला येत नव्हतं, ऐकू येईल तसं लिहायचा, तेसुद्धा त्याच्या स्वतःच्या लिपीत. आधी मला त्याचाच उलगडा करावा लागला." खोलीत हशा पिकला. मीही हसले. तुम्हाला वेल्श येत नाही हे मी वेल्शमध्ये सांगितलं, आणि तुम्हाला त्यातला शब्द न् शब्द कळला.

चहाच्या वेळी माझ्या गाइड बाई कप घेऊन तुमच्यापाशी गेल्या. मी बिस्किटांच्या टेबलाशी पाठ करून उभी होते. त्यांनी विचारलं, तुम्ही लांबून आलात का? तुम्ही इंग्लिशमध्ये म्हणालात, "नाही, मी फक्त हिला न्यायला आलोय." सेमिनार कसा वाटला असं त्या विचारायला लागल्या, तर तुम्ही हसून मान हलवलीत, जणू तुम्हाला काहीच कळलं नव्हतं. माझं खोटं तुम्ही त्यांच्यासमोर निभावून नेलंत.

गाडीत बसल्यावर तुम्ही वायपर लावलात. मी वाट बघत होते तुम्ही रागावण्याची. शेवटी म्हणालात, "त्या पेशंट्सना तू सारखी इन्फॉर्मंट, इन्फॉर्मंट म्हणत होतीस. माणसं होती गं ती." एवढंच. घरी पोचल्यावर डायरी माझ्या बॅगेवर आणून ठेवलीत. "राहू दे तुझ्याकडेच." पुढे तुम्ही नवीन डायरी केली नाहीत. रविवारी मी काही विचारलं तर म्हणायचात, "तूच बघ, तुला जास्त कळतं." आणि मला ते खरंही वाटायचं! थीसिसमध्ये मी छापलं, 'अनामिक संग्राहक'. एकदा तसं बोलून बसल्यावर दुसरं काही छापायची हिंमत नव्हती. बांधलेली प्रत तुम्ही हातात घेतलीत, पानं उलटलीत, त्या पानावर थांबलात की नाही ते मी पाहिलं नाही. आईला म्हणालात, "पेढे आण."

चार वर्षांनी तुम्ही हार्ट अटॅकने गेलात. क्रेमॅटोरियममध्ये काठी टेकत एक म्हातारे शेतकरी आले आणि माझा हात धरून वेल्शमध्ये म्हणाले, "माझ्या बायकोला कुठे दुखतंय ते डॉक्टरांनी तिच्या भाषेत विचारलं. शेवटचे दोन महिने दुसरं कुणी विचारत नव्हतं. तुला वेल्श त्यांनीच शिकवलं का?" मी म्हणाले, "नाही, मी युनिव्हर्सिटीत शिकले." बाबा, तिथेसुद्धा.

आता मी त्याच विषयाची प्रोफेसर आहे. पोरांना शिकवते की शब्द कुणाकडून आला, कुणी लिहून घेतला, हे आधी नोंदवा. डायरी माझ्या ऑफिसच्या कपाटात असते. गेल्या आठवड्यात अर्काइव्हने ती मागितली आणि एक फॉर्म पाठवला. 'संग्राहक' या रकान्यात मी तुमचं पूर्ण नाव लिहिलं, मधलं नावसुद्धा. आजोबांचं. खाली आणखी एक रकाना आहे, 'देणाऱ्याशी नातं'. तिथे 'वडील' लिहिलं, तर कुणीतरी थीसिस काढून बघणार, आणि विचारणार, मग यात 'अनामिक' कसं? सकाळपासून दोनदा पेन हातात घेतलं. हे पत्र लिहीत बसले, तेही तो फॉर्म पुढे ढकलायला. तो रकाना अजून रिकामा आहे.