पितृपक्ष सरेपर्यंत थांबलो ते

सोमवार, कार्तिक

खांडबाऱ्याच्या बाजारातून आलं: गोडेतेल लिटरभर, एकशे सत्तर. कापूर, वीस. शेजारच्या शोभाकडून पेढे, फुकट.

"ताई, ह्यासले कामवर परत लिधं!" म्हणाली. तिच्या नवऱ्याला कोर्टानं परत कामावर घ्यायला लावलं. देवा, मला हसताही येईना.

तिचे आणि आमचे हे कारखान्यातून एकाच दिवशी कमी झाले. तिनं पितृपक्षातच नवऱ्याला कोर्टात धाडलं. मी मात्र यांना म्हटलं, पक्ष सरू द्या, मग कोर्टाच्या अर्जावर सही करा. मग दिवाळी, मग मालक बोलावतील ही आशा. चार वर्षं गेली. शेवटी अर्ज केला, तर आता कोर्ट विचारतं, इतका उशीर का?

जाताना शोभा हसली, "तुम्हना पितर काय म्हणतस?"

पेढा देवापुढे ठेवला. पितृपक्षात कोर्टात जाऊनही तिला कसं काही बाधलं नाही?

आमच्या वकीलसाहेबांना पत्र लिहिलं: उशीर माझ्यामुळे झाला, यांच्यामुळे नाही. मी कोर्टात तसं सांगितलं तर चालेल का? उलट टपाली कळवा.