तांदळातलं नाव

२ मार्च, शनि.
गॅरेजमध्ये आज पाहुणी. हेलन, नॉटिंगहॅमच्या कॅनॉलजवळच्या गॅलरीतली. गुडघा दाखवायला माझ्या सुनेच्या सर्जरीत, म्हणजे दवाखान्यात, गेली होती. तिथे वैदेहीने टेबलामागे माझं एक खोकं टांगलंय. गुडघा राहिला बाजूला, हे कुणाचं म्हणून विचारत बसली.
खोकी म्हणजे नाश्त्याच्या सीरियलची. उलगडून सपाट करायची, आतली करडी बाजू वर, तिच्यावर रंग. रिसायकलिंगच्या बिनमधून मी काढून घेते, कौन्सिलच्या गाडीच्या आधी. हेलन जमिनीवर बसली, त्या गुडघ्यावर. एकेक बघत होती. खाली ठेवत होती. मला वाटलं, नाही आवडलं. मग नाक पुसलं आणि म्हणाली, मे महिन्यात तुम्हाला प्रदर्शनाला अख्खी खोली देते.
पुढचा प्रश्न: चित्राशेजारच्या कार्डावर नाव काय घालायचं?
मी तोंड उघडतेय तोवर मिलिंदने सांगून टाकलं. ललिता. थोर मराठी कादंबरीकाराची पत्नी. पुढे त्यांचं नाव.
मुलगा बापावर गेलाय. माझं वाक्य तोच पुरं करतो.

३ मार्च, रवि.
काल मी सांगितलेलं लिहून झाल्यावर वैदेहीला वाचून दाखव म्हटलं. तिने ह्यांचं नाव घातलं होतं मध्ये. खोड म्हटलं. जन्मभर उखाण्याशिवाय घेतलं नाही, आता ते गेल्यावर वहीत कशाला?
"आई, मग वाचणाऱ्याला कळणार कसं?"
"वाचणारी कोण? तूच ना?"
खोडलं म्हणाली. मी विश्वास ठेवते. डॉक्टरचं अक्षर म्हणे केमिस्टलाही लागत नाही. मला कुणाचंच लागत नाही, त्यामुळे माझा काही भेदभाव नाही.

१० मार्च, रवि.
इथला मदर्स डे. मिलिंदने डॅफोडिल्स आणले. सोबत बातमी. ह्यांचं 'ललितेचं अंगण' इंग्रजीत निघतंय, मे महिन्यातच, केंब्रिजला कार्यक्रम. "Perfect timing, आई! दोन्ही एकत्र करू. हेलनशी बोललोय. प्रदर्शनाचं नाव, द रिअल ललिता."
ते पुस्तक मी वाचलं नाही, ऐकलंय. एकेक प्रकरण, ह्यांच्या तोंडून, शाई वाळायच्या आत. त्यातली ललिता रोज अंगणात रांगोळी काढते. तिची मुलगी जाते. त्या दिवशी ती रांगोळीचा डबा विहिरीत टाकते आणि पुन्हा कधी बोट लावत नाही. शेवटी नुसतं कोरं अंगण. महाराष्ट्र रडला.
बायका माझे हात धरून रडल्यात. लग्नाच्या मांडवात, दवाखान्यात, एकदा विमानतळावर चेक-इनच्या रांगेत. "पुन्हा कधीच नाही का हो काढलीत?"
काढली की. रोज काढली. हे रात्री जागून लिहायचे, उठायला नऊ. तोवर दूधवाल्याची सायकल रांगोळीवरून गेलेली असायची.
मिलिंदला हे बोलले नाही. फुलं पाण्यात घातली.

१७ मार्च, रवि.
ते कार्ड डोक्यातून जात नाही.
माझं नाव ठकू. आईने ठेवलेलं. लग्न होऊन उंबरा ओलांडला, लक्ष्मीपूजन झालं, तबकात तांदूळ पसरले. ह्यांनी बोटातली अंगठी काढली आणि त्या अंगठीने तांदळात माझं नवीन नाव लिहिलं. सगळ्यांनी वाचलं. मी पाहिलं. दोन वेटोळी शेजारीशेजारी, दुसऱ्याच्या डोक्यावर कमान, शेवटाला एक उभी काठी. छान होतं. माझं आहे असं वाटलं नाही, पण चित्र छान होतं.
संध्याकाळी सासूबाईंनी तेच तांदूळ शिजवले. मीठ कमी होतं.
पुढे कळलं, नाव कादंबरीसाठी योजून ठेवलेलं होतं. कादंबरी रखडली, बायको आधी आली.
मला शिकवायला बसले होते एकदा. मी 'अ'ला पाय काढले, शेपूट काढलं. हसले, लाडाने. मग मित्रांना सांगितलं. मग भाषणात सांगितलं. मग मी बसले नाही.
पण पोस्टर कलरच्या पहिल्या बाटल्याही त्यांनीच आणल्या, लक्ष्मी रोडवरून, न मागता. तेही लिही, वैदेही. माणूस वाईट असता तर मला सोपं गेलं असतं.

२३ मार्च, शनि.
हेलन परत आली, खोकी मोजमाप करून न्यायला. मला लाडाने 'डक' म्हणते. नॉटिंगहॅममध्ये बसवालाही म्हणतो. बदक! चला, आणखी एक नाव.
मिलिंद घरात नव्हता. वैदेहीला म्हटलं, सांग हिला, कार्डावर ठकू घाल. हेलनने दोनदा म्हणून पाहिलं. जमलं की. आमच्या मिलिंदपेक्षा बरं म्हणाली.
तो आला आणि वैदेहीने सांगितलं.
"ठकू? आई, seriously? ठकूला कोण ओळखतं?"
"ललिताला सगळे ओळखतात. आणि ती चित्रं काढत नाही."
"It's only a name."
"मग घाल की ठकू."
हळूच, "बाबांनी दिलेलं नाव टाकून देतेस तू."
वर गेला. दार आपटलं नाही, नीट लावलं. आपटलं असतं तर बरं वाटलं असतं.

३१ मार्च, रवि.
घड्याळं पुढे केली. तासभर कुठे गेला कुणी विचारत नाही.
साउथहॅम्प्टनहून नातीचा फोन. इरा तिथे हॉस्पिटलात नोकरीला आहे. "आजी, तुझा चित्र एकदम amazing आहे. पण passport वर काय नाव आहे?" पासपोर्टावर ललिता. शेजारी अंगठा. अंगठा तेवढा माझा.
वैदेहीच्या लग्नातही तबक ठेवलं होतं. ह्यांनी सुनेसाठी नाव काढून ठेवलं होतं, सुंदर, कवितेतलं असावं तसं. ही म्हणाली, "बाबा, माझ्या डिग्रीवर वैदेही आहे." मिलिंदने मुकाट्याने वैदेहीच लिहिलं. मी मागे उभी होते, पदर तोंडाला लावून. हसत होते गं. तू नव्हतं पाहिलंस.
पण खरं विचारशील तर, मला ठकू म्हणणारं आता कुणी उरलं नाही. आई गेली, दादा गेला. ठकूने कधी पोस्टर कलर पाहिला नव्हता. ती चिमटीतून रांगोळी सोडायची आणि शेणाने सारवलेलं अंगण हवं म्हणायची. खोक्यांवर तिचं नाव घातलं तर ती म्हणेल, बाई, हे मी कधी केलं?
ललिताने केलं नाही. ठकूने केलं नाही. मग गॅरेजमध्ये बसतं कोण?

११ एप्रिल, गुरु.
चैत्रातली तीज. सकाळी पाऊस नव्हता. मागच्या फरसबंद पॅटिओवर चैत्रांगण काढायला बसले, वैदेहीच्या बागकामाच्या स्टुलावर. सूर्य, चंद्र, कासव, शंख. मधोमध गौरीचा पाळणा.
मिलिंद चहाचा मग घेऊन दारात. ऑफिसचे कपडे.
"तू अजून काढतेस?"
"थांबले कधी होते?"
"चिमी गेली तेव्हा. बाबांनी..."
चिमी त्याची धाकटी बहीण. ती गेली तेव्हा आम्ही ह्याला मामाकडे ठेवलं होतं.
"त्या दिवशीही काढली. पाळणाच काढला, रिकामा. लोक यायला लागले तशी तुझ्या आजीने बादली ओतली."
"बाबांना माहीत होतं?"
"दारात होते. तू उभा आहेस तसे. तेवढ्या एका दिवशी सकाळी जागे होते. झोपलेच नव्हते."
मग मीच बोलत राहिले. म्हटलं, त्यांच्याच्याने ते लिहवलं नाही. माझ्याच्याने काढल्यावाचून राहवलं नाही. म्हणून त्यांच्या ललिताने डबा विहिरीत टाकला. आपल्याकडे विहीर नव्हतीच, नळ होता.
तो हसला नाही. मला वाटलं होतं नळाला हसेल.
"आई, मला चिमी आठवते ती पुस्तकातलीच आहे. दुसरी नाही माझ्याकडे."
हातातला मग पॅटिओच्या कठड्यावर ठेवून गेला. चहा तसाच. मला त्याच्याकडून काही काढून घ्यायचं नव्हतं.

१४ एप्रिल, रवि.
मिलिंदने कपाटातून 'ललितेचं अंगण' काढलंय. मागच्या काचेच्या खोलीत, कॉन्झर्व्हेटरीत, बसून वाचतो. वैदेही म्हणते शेवटच्या पानावर किती वेळ अडकलाय. मी बटाट्याच्या काचऱ्या नेऊन दिल्या.
"खरी चिमी कशी होती?" त्याने वर न बघता विचारलं.
सांगितलं. माती खायची. तुझे कंपासमधले खडू खायची. मी काढलेल्या कासवावर बसून राहायची आणि उठली की कासव तिच्या परकराला. घरभर अर्धी अर्धी कासवं.
"हे पुस्तकात नाही."
"ते नऊला उठायचे."
या वेळी हसला. डोळे पुसले बाहीने.
तेवढ्याने नावाचं काही ठरलं नाही. त्याने विचारलं नाही, मी बोलले नाही.

३ मे, शुक्र.
उद्या प्रदर्शन उघडणार. भिंतीवर सगळं लागलंय, शेजारची कार्डं कोरी आहेत. हेलनचा सकाळी निरोप: संध्याकाळी छापायला देते, डक, आता सांगा. टाईप केलेलंच हवं असं नाही, हाताने काही काढून दिलंत तरी त्याचा फोटो लावते.
तिसऱ्या प्रहरी चहा झाला. वैदेही वही घेऊन बसली. मिलिंद किचनमध्ये काहीतरी आपटत होता. आला तो स्टीलचं ताट घेऊन. त्यात तांदूळ, हाताने सपाट केलेले. बासमती! म्हटलं, अरे महाग आहेत ते, इडलीचे घ्यायचे होते.
"आई, तुझी अंगठी काढ."
सांध्यापाशी अडकली. वैदेहीने साबण लावला, तेव्हा निघाली.
त्याने ती माझ्या चिमटीत ठेवली. बापाने स्वतःच्या धरली होती.
"तू लिही. काय हवं ते. मी तसंच पाठवतो हेलनला."
"आणि केंब्रिजवाल्यांना?"
"त्यांनाही तेच."
"ललिता निघालं तर?"
"तर ललिता."
"बदक निघालं तर?"
ओठ चावला त्याने. "तर बदक."
ताट माझ्यासमोर आहे. असं सपाट काही दिसलं की हात शिवशिवतो, त्याला नाव-गाव लागत नाही. मिलिंद फोन धरून उभा आहे फोटोसाठी. ताटावर सावली पडतेय तुझी, मिलिंद, सरक जरा. तांदूळ टाकायचे नाहीत नंतर, रात्रीला भात लावू. मीठ मी घालणार.
वैदेही, मान खाली घाल. लिहीत राहा. मी सांगेन तेव्हा बघ.