बहाव्याच्या फुलांपायी

माय,

तू मांडवातच निजलीस, म्हणून उठवलं नाई. मी तुया जवायासंगं सिरोंच्याले जाऊन राह्यली. वऱ्हाडाचा ट्रक रस्त्यावर उभा आहे, डायवर हॉर्न वाजवून राह्यला.

हे नवरदेवाकडून वऱ्हाडात येतीन, हे मलेही ठाव नोतं. गाईनं कुसुमच्या लग्नाचे दोन्ही हार खाल्ले, तवा "जा, कुठून बी फुलं आणा," म्हणून तूच आमा दोघाले जंगलात धाडलं. बहाव्याशिवाय काईच फुललं नोतं. हे झाडावर चढले, मी खाली पदर धरून उभी. वरून विचारतेत, "तब्येत बरी आहे ना?" मी म्हटलं, "फुलं टाका." खाली उतरल्यावर म्हणाले, "तुले न्याले दोनदा आलो होतो. मामाजीनं आंगणातूनच वापस पाठवलं."

मले हे बाबानंबी नाई, घरात कोणीच सांगतलं नाई, माय. तुले ठाव होतं का, ते आता नाई विचारत.

बाबाले तूच सांगजो, माह्यात हिंमत नाई. वासराले पाणी पाजलं आहे. उरला भात ओल्या फडक्याखाली आहे, संध्याकाळच्या आत संपवा. कुसुम पाठवणीत रडली नाई, तिची काळजी करू नको.

पाया पडले तरी सासरी जाणार नाई, असं मी गावभर सांगत होती. हे पाया नाई पडले. नुसतं "चालतेस का?" म्हणाले, आन मी चप्पल शोधाले लागली.

तुयी,
शेवंता