कॅमेरा थांबता थांबता

इको, ५ सप्टेंबर १९७१

चि. अदाउतो यास ताईचे आशीर्वाद.

आईला पुरून महिना झाला. तू आला नाहीस, त्यावर बोलायचं नाही असं मी ठरवलंय. दोन नोव्हेंबरला सगळं गाव कबरींवर मेणबत्त्या लावायला जमेल. प्रत्येकाच्या दगडावर माणसाचा फोटो आहे, आईच्या दगडावर फोटोसाठी कोरलेला नुसता रिकामा खळगा. घरात तिचा एकही फोटो नाही. देशभरातल्या म्हाताऱ्या टिपणारे मोठे कॅमेरामन तुम्ही, बघा जरा शोधून! तुझ्या पहिल्या सिनेमात नदीवर धुणं धुणाऱ्या बायकांत ती होती ना?

गूळ पाठवलाय, एकट्याने संपवू नकोस. माया आहे तशीच आहे.

जांदिरा

रिओ, १९ सप्टेंबर

ती. ताईस सा. न. वि. वि.

तार आली तेव्हा शूटिंग चालू होतं. वाचून खिशात ठेवली आणि पुढचा शॉट घेतला. अजून रडू आलेलं नाही. आत काही हलतच नाही.

सिनेमा पाहिला. आई आहे, चेहरा नाही. पांढऱ्या वाळूचा कण न् कण दिसावा म्हणून मी प्रकाश वाळूवर मोजला, माणसं काळी ठिक्कर पडली. त्याचंच कौतुक झालं, पुढची सगळी कामं त्यावरच मिळाली. शिवाय कॅमेऱ्याकडे बघू नकोस, असं मीच तिला बजावलं होतं.

लोभ कमी झाला असेल तर समजू शकतो.

अदाउतो

इको, ३० सप्टेंबर

चि. अदाउतोस आशीर्वाद.

एक गोष्ट लिहू की नको, असं चाललं होतं. आई म्हणायची, शेवटी तिने तुझ्याकडे बघितलंच. त्याचा तुला राग आला, म्हणून तू तिचा चेहरा दाखवला नाहीस. शेवटच्या आठवड्यातही हेच बोलली.

तब्येत सांभाळ. लोभ का कमी होईल, वेड्या?

जांदिरा

रिओ, १४ ऑक्टोबर

ती. ताईस सा. न. वि. वि.

तुझं पत्र वाचून न कापलेली रिळं गोदामातून काढली. कॅमेरा थांबताना फिल्म मंदावते आणि शेवटच्या दोन-तीन चित्रांवर जास्त उजेड पडतो. ती खराब म्हणून आम्ही टाकून देतो. त्यातल्या एकात वाळू पार पांढरीफटक झालीय आणि डोक्यावरच्या फडक्याखालचा चेहरा उजळलाय. आई सरळ माझ्याकडे बघतेय. फोटो सोबत आहे.

तेव्हा तिने विचारलं होतं, नीट जमलं का रे म्हणून. ऊन उतरायच्या आत मला पुढचा शॉट हवा होता, मी उत्तरच दिलं नाही. रागावलो नव्हतो गं.

दोन तारखेला येतोय. छान जमलं होतं, एवढंच तिला सांगायचंय.

लोभ राहू दे.

अदाउतो