तानूकाका गप्प कुठे होता

१२ ऑक्टो. २०२०, कॉर्क, आयर्लंड
झूमवर गाइडने हसत हसत वाट लावली. तानिगावासारख्या दुय्यम नटाचं करिअर नसतं म्हणे, नुसती हजेरी असते. एमएच्या प्रबंधाला एखादा दिग्दर्शक घे. अरे वा! न्हावी, फौजदार, दारुडा, पुजारी, एकदा तर खाष्ट सासूसुद्धा. जपानी सिनेमात एवढं सगळं एकट्याने केलं, आणि ही हजेरी? तानूकाकाला (मी त्याला हेच म्हणते) मी सोडणार नाही.

३ नोव्हें.
पुन्हा लॉकडाउन. पाच किलोमीटरच्या बाहेर जायचं नाही. लायब्ररी बंद. बाबा पुण्याहून: "पण त्यात हिरो कोण आहे?" फोन ठेवून दिला. पोस्टरवर तानूकाकाचं नाव नाही, फोटो नाही. डोकंच फिरतं.

१८ फेब्रु. २०२१
सापडलं! लग्नाच्या सिनेमात तानूकाका म्हातारा नोकर झालाय. सगळा वेळ मागे राबतोय, ओठ हलतायत, पण सबटायटल एकही नाही. नुसतं पुटपुटणं. शब्दांवाचून अभिनय! तिसरं प्रकरण यावरच.

९ एप्रिल
गाइड: "ग्रँड! एकदम ग्रँड!" मौनाचं प्रकरण सगळ्यात आवडलं. त्यावरच विषय मंजूर. जिरवली की नाही?

२७ जुलै
वरच्या खोलीत नवी भाडेकरू आलीय, मायुमी, ओसाकाची. किचनमध्ये माझ्या लॅपटॉपवर लग्नाचा सीन चालू होता. कप घ्यायला आली ती थबकली.
"बिचारा नोकर. किती बोलतोय!"
म्हटलं, पुटपुटतोय. तर म्हणे, छे, स्पष्ट बोलतोय.
म्हणजे सबटायटल करणाऱ्याने हिरो-हिरॉइनचं तेवढं लिहिलं. बाकीचे बोलले काय, न बोलले काय! अशी भडकले की कप आपटला. मग एकदम गार पडले. त्याच्या गप्प राहण्यावर बावीस पानं लिहिली कोणी? मीच ना.

३० जुलै
सबमिशनला दोन आठवडे. ती पानं काढली तर प्रबंध उरतच नाही. ठेवली तर कुणाला कळणार? गाइडला जपानी येत नाही. मला तरी कुठे येतं. आणि मी निघाले होते त्याला न्याय मिळवून द्यायला! गाइडला सगळं खरं सांगणारी मेल लिहून ठेवलीय, पाठवलेली नाही.

आत्ता मायुमीला विचारलं, तो म्हणतो तरी काय? तिने सीन दोनदा पाहिला.
"सकाळपासून पोटात काही नाही. आणि कुणी विचारलंही नाही."